मातामायचा ऊद

"खर्रा आत नाई चालत, बाई."

"चालवतो कुठी? तोंडात ठेवतो ना."

"अन् थुंकाल कुठी?"

"गिळतो, बापा. तुह्या भिंतीले काई लागत नाई."

रांगेतले लोक हसले. झाडी दालनाच्या, म्हणजे झाडीपट्टीच्या नव्या संग्रहालयाच्या, दारावरचा पहारेकरी पोचूभाऊही हसला, पण माझ्या सासूबाईंच्या कमरेच्या बटव्यातून त्याने खर्र्याची पुडी काढून घेतलीच. मग माझ्याकडे पाहिलं. पोटाशी कापडाने बांधलेली आचल, खांद्यावर तिची फुगलेली बॅग. "लेकराच्या बॅगेत का पाहाचं," म्हणाला आणि आत जा म्हणून हात हलवला. शकुबाई, माझ्या सासूबाई, एकदम गप्प झाल्या. खर्रा गेल्याचा राग असेल, असं मला वाटलं.

मी मात्र भिंती बघत नव्हते, दारं बघत नव्हते. हवेत उडणारं काही दिसतंय का, तेवढंच बघत होते. मागच्या हिवाळ्यात, आचल नुकती बसायला लागली होती तेव्हा, सासरच्या अंगणात तिला गांधीलमाशी चावली. एकच डंख, तोही तळपायाला. बघता बघता अंगभर चकते उठले, ओठ सुजले, आणि श्वास घेताना बारीक शिट्टीसारखा आवाज यायला लागला. माझ्या नवऱ्याने, हेमराजने, गोंडपिपरीपर्यंत मोटारसायकल कशी चालवली, ते त्यालाही आठवत नाही. तिथून चंद्रपूर. सलाईन, ऑक्सिजन, आणि माझ्या बोटाला धरून ठेवलेली तिची एवढीशी मूठ. वाचली. घरी सोडताना डॉक्टर म्हणाले, "आता डंख होऊ द्यायचा नाही. पुढच्या वेळी याहून वाईट होऊ शकतं."

तेव्हापासून गडचांदूरच्या आमच्या खोल्यांना जाळ्या आहेत. दारातली सदाफुली मी माझ्या हाताने उपटली. फुलांशी वैर धरलेली बाई मी. आचल झोपली की मच्छरदाणीत डोकं घालून तिचा श्वास ऐकते, आणि तो नीट चालला आहे हे कळल्यावरही ऐकतच राहते.

तरी आले, कारण सासूबाईंनी महिनाभर टुमणं लावलं होतं. ज्या टेकाडावर हे दालन बांधलं, ते त्यांच्या गावचं. पेपरात फोटो येतात, पुण्या-हैदराबादेहून माणसं नुसती इमारत बघायला येतात, रविवारी माहितगार माणूस सगळीकडे पायी फिरवून दाखवतो. "अन् आपल्याच घरच्या पोरीनं नाई पाह्यलं," असं त्यांचं म्हणणं. मलाही बघायचं होतं, खोटं कशाला बोलू. लेकरू झाल्यापासून दवाखान्याशिवाय मी कुठलीच नवी इमारत बघितली नव्हती.

फिरवणारा प्रणित गोंडपिपरीचाच. खाकी जाकीट, पायात पांढरे बूट, आणि तोंडात दोन भाषा: पाहुण्यांसाठी एक, गावच्या माणसांसाठी एक.

"हे छत बघा. नदीकडे इतकं पुढे आलंय, पण पुढच्या बाजूला एकही खांब नाही. लोक खाली उभे राहायला घाबरतात." मग सासूबाईंकडे वळून, "तुमी भेता का, बाई?"

"मी काऊन भेऊ? पडलं तं तुह्यावर बी पडन."

"भिंतीवर हात फिरवा," प्रणित म्हणाला. "काँक्रीट ओतताना बांबूचे तट्टे लावले होते. तट्टे काढले, पण त्यांची वीण उमटून राहिली."

मी आचलचा तळवा भिंतीवर टेकवला. ती खुदकन हसली आणि भिंत चाटायला पुढे झुकली. आमच्यासोबत नागपूरची एक मुलगी होती, संघप्रिया नावाची, आर्किटेक्चर शिकणारी. ती वहीत छताची रेघ ओढत होती. आचलचं हे चाटणं बघून म्हणाली, "आमचे सरही मटेरियलची चव घ्या म्हणतात. ही पहिल्या नंबरात पास होणार." मला बरं वाटलं. किती तरी दिवसांनी मी लेकराला पोटाशी बांधून नुसतीच एक बाई होते, दुसऱ्या बायांबरोबर चालणारी.

मग आम्ही काचेच्या लांब पडवीत आलो आणि प्रणितने आवाज खाली आणला.

काचेपलीकडे मोठ्या छताखाली एक मोकळा चौक होता. चौकाच्या मधोमध शेंदूर लावलेला दगड. मातामाय. "ही आधीची," प्रणित म्हणाला. "इमारत नंतरची. गावाने सांगितलं, माय हलणार नाही, आणि तिच्या डोक्यावर छप्पर येणार नाही. मायला आभाळ लागतं. मग आर्किटेक्टने काय केलं बघा." त्याने वर बोट दाखवलं. दगडाच्या बरोबर वर छताला मोठं गोल भोक होतं. त्यातून उन्हाचा खांब उतरला होता. "पाऊस आला की माय भिजते. गाव खूश, आर्किटेक्ट खूश. आणि यंदा तिसरेही खूश आहेत."

त्या गोल भोकाच्या कडेला, छताच्या खालच्या अंगाला, सुपाएवढी काळी पोळी लटकत होती. काळी नव्हेत, जिवंत. आग्या मोहोळ.

"मोह फुलला तेव्हापासून बसल्यात. त्यांना हे छत म्हणजे डोंगराचा कडाच. पावसाच्या आधी उठून जातील, तोवर छेडायचं नाही, असा हुकूम आहे. चौक बंद ठेवलाय. पलीकडच्या मोकळ्या बाजूला दोरी बांधली आहे. आपण काचेतूनच बघायचं."

 आचलला मी इतकं आवळलं की ती कुरकुरली.

"ताई, काच बंद आहे," प्रणित म्हणाला. "एक माशी आत येत नाही."

"आई, मी मागं जातो," मी सासूबाईंना म्हटलं.

"थांब ना वो. मायले पोरगी तं पाहू दे." त्यांनी आचलचे दोन्ही हात धरले, काचेसमोर जोडले आणि ओठातल्या ओठात काही पुटपुटल्या. मग माझ्या खांद्यावरच्या बॅगेत कोपरापर्यंत हात घातला. "एक फडकं घेतो. मोरीवर जाऊन येतो जरा." काहीतरी गुंडाळून घेऊन त्या गेल्या.

पडवीच्या टोकाला मुलांना बसवण्यासाठी मोठी जाड सतरंजी अंथरलेली होती. प्रणित बाकीच्या पाहुण्यांना पुढच्या दालनात सोडून आला. संघप्रिया माझ्याजवळच चित्र काढत बसली. आचलने दूध उलटलं, म्हणून मी बॅगेत दुपटं शोधू लागले. निळं दुपटं नव्हतं. बॅगेच्या तळाशी माझ्या बोटांना काहीतरी भुसभुशीत लागलं. बाहेर काढून पाहिलं तर गोवरीचा चुरा. आणि बॅगेला कापराचा वास येत होता.

गोवरीचा तुकडा, कापूर, ऊद. लेकराच्या बॅगेतून, माझ्याच खांद्यावरून आत आलेला.

चंद्रपूरच्या दवाखान्यात, त्या रात्री, सासूबाई व्हरांड्यात भिंतीकडे तोंड करून किती तरी वेळ बोलत होत्या. कुणाशी बोलता, विचारलं तर म्हणाल्या होत्या, "माहा अन् मायचा मामला व्हय. तू पोरीजवळ बस."

मी मान वळवायच्या आधीच मला कळलं होतं.

शकुबाई चौकात होत्या. दोरीखालून वाकून गेल्या असणार. दगडासमोर उकिडव्या बसल्या होत्या, निळं दुपटं मांडीवर पसरलेलं, हात जोडलेले, डोळे मिटलेले. समोर गोवरीचा तुकडा धुमसत होता, आणि उदाचा पांढरा धूर इकडे तिकडे न भरकटता सरळ वर, त्या गोल भोकाकडे चढत होता. चुलीच्या धुराड्यातून जातो तसा.

"आई!" मी ओरडले. काचेने आवाज गिळला. मी हात उगारला तसा प्रणितने तो वरच्या वर धरला. "काच वाजवू नका, ताई! हादऱ्याने उठतात."

वर एका पोळ्यावरून एक लाट गेली. धानाच्या बांधीवरून वारा जावा तशी, या कडेपासून त्या कडेपर्यंत. मग दुसरी, अधिक जलद. मग पोळ्याचा एक भाग सुटा झाल्यासारखा खाली ओघळला आणि हवेत विखुरला.

शकुबाईंनी मानेवर चापट मारली. डोळे उघडले. वर पाहिलं. उठल्या, आणि समोर दिसणाऱ्या एकमेव दाराकडे, पडवीच्या काचेच्या दाराकडे, धावल्या. त्या दाराच्या आत मी उभी होते. आचल माझ्या पोटाशी.

मी कडी काढली. मूठ धरून दार आत ओढलं. पलीकडे त्या पोचल्या, त्यांनी बाहेरची मूठ धरली, केसांत, पदरावर, गालावर माशा. आणि तेवढ्यात त्यांची नजर आचलवर पडली.

दार उघडेना. मी जोर लावला. तेव्हा कळलं की त्या बाहेरून ओढून धरत आहेत. काचेपलीकडे त्यांचं तोंड हललं. आवाज आला नाही, पण मला ऐकू आलं. नोको. त्यांनी मूठ सोडली नाही, डोळ्याजवळ माशी चावत होती तरी सोडली नाही, जोवर मी माझा हात मागे घेतला नाही तोवर. मग वळल्या, परत दगडाकडे गेल्या आणि पदर तोंडावर ओढून तिथेच मुटकुळं करून बसल्या.

मी कापडाच्या गाठी सोडायला लागले. 

"मी जातो, ताई, तुम्ही थांबा," प्रणित म्हणाला.

"तुमाले गाडी चालवता येते ना? मले नाई येत. पोरीले काई झालं तर तुमी लागान." आचलला मी संघप्रियाच्या हातात दिलं. आचल रडायच्या आधीचं तोंड करून माझ्याकडे बघत होती. "आतल्या खोलीत जा. दार लाव. हिचे ओठ बघत राहा, अंगावर चकते उठतात का बघ. जरा काही वेगळं दिसलं की सरळ गाडीत बसायचं, माझी वाट बघायची नाही."

"ताई, मला बाळं धरता येत नाहीत."

"येतात. धरलंयस तू."

आतल्या खोलीचं दार लागल्याचा आवाज आला. मग मी सतरंजी उचलली, डोक्यावरून घेतली आणि चौकाचं दार माझ्यापुरतं उघडून मागे लावून घेतलं.

बाहेर आवाज होता. मी आधी कधी न ऐकलेला. कानात नाही, छातीत वाजणारा. सतरंजीवर वरून काहीतरी टपटप आपटत होतं. हाताला एक डंख बसला, मग मानेला. प्रत्येक डंखासरशी एकच मनात येत होतं, हा तिला बसला असता तर. मी वाकून चालत राहिले, लाल दगड दिसला तशी खाली बसले आणि सतरंजी आम्हा दोघींवर ओढली.

"कोन? रंजीता?" अंधारात शकुबाईंचा श्वास जोरात चालला होता. "पोरगी कुठी हाय?"

"आत हाय. दार लावलं."

"तू काऊन आली वो? लेकरू सोडून येते का कोनी?"

"मंग तुमाले सोडून राहू का? हलू नका. मारू नका त्याईले."

सतरंजीच्या आत आलेल्या एक-दोन माशा आमच्या अंगावर फिरत होत्या. आम्ही दोघी दगडाला टेकून, गुडघ्यात डोकं घालून बसलो. सतरंजीच्या कडेखालून एक हाताच्या अंतरावर गोवरीचा तुकडा दिसत होता. अजून धुमसत होता. धूर अजून वर चढत होता. आणि तो चढत होता तोवर वरचा आवाज कमी होणार नव्हता.

"आई, तो ऊद विझवा."

त्या दगडाला आणखी चिकटल्या.

"आई. धूर हाय तोवर माशा बसत नाईत. कोनी दार उघडलं, एखादी आत गेली तर? पोरगी तिथी हाय."

"मायचा ऊद इझवत नाई, पोरी. आपला आपन जळून सरला पायजे."

"आता?"

"तुले माहीत नाई." त्यांचा आवाज चिरकला. "त्या राती मी बोलली. पोरगी घरी आली तं तिचे हात जोडून तुले ऊद दाखवीन म्हटलं. मायनं देल्ली ना पोरगी? देल्ली. आता अर्ध्यात इझवला तं परत मांगून घेईन थे."

मला हसू आलं नाही, रागही आला नाही. त्या रात्री मला कुणी काहीही बोलायला सांगितलं असतं तर मीसुद्धा बोलले असते.

"तुमाले आग्या माहीत नव्हत्या का, आई? लहानपनापासून जंगलात गेल्या तुमी."

"माहीत काऊन नाई? पन मायच्या डोक्यावर बसल्या, तं मायच्याच म्हटलं. मायच्या माशा मायच्या लेकराले कायले चावतीन?" थोडं थांबून म्हणाल्या, "चावल्या."

आतल्या खोलीच्या जाळीच्या झरोक्यातून आचलचं रडणं ऐकू आलं. बारीक, लांबून. मी जीव कानात आणला. रडणं मोकळं होतं, मधे शिट्टी नव्हती. रडते आहे म्हणजे श्वास येतो आहे. रड गं, माझ्या राणी, मी मनात म्हणत होते, थांबू नकोस.

ते थांबलं.

एकदम. मधेच कुणी धागा तोडावा तसं.

"गप काऊन झाली?" शकुबाई म्हणाल्या.

मी उठायला गेले. त्यांनी माझा दंड धरला. वर टपटप वाढली.

"नवस तुमचा, पोरगी माही," मी म्हणाले. माझा आवाज मलाच ओळखू येत नव्हता. "मी इझवतो. जे याचं थे माह्यावर येवो." सतरंजीखालून मी हात बाहेर काढला. निखारा बोटभर अंतरावर होता.

शकुबाईंनी माझं मनगट पकडून मागे ओढलं. इतक्या जोरात की माझ्या बांगड्या रुतल्या.

"तुह्यावर काऊन? तुह्या अंगावर पिते थे."

आणि त्यांनी स्वतःचा तळवा निखाऱ्यावर ठेवला.

चर्रर्र असा अगदी लहानसा आवाज झाला. त्यांनी तोंडातून हूं की चूं केलं नाही. तळवा दाबून धरला, मग दुपट्याची घडी त्यावर दाबली. धुराची शेवटची वळी सतरंजीखाली आली आणि आमच्या डोळ्यांत गेली.

"पाह्य माय," त्या दगडाला म्हणाल्या. दगड त्यांच्या गालाला लागूनच होता. "मी इझवला. शकूनं. दुसऱ्या कोनाचं नाव घेऊ नोको."

मग आम्ही बसून राहिलो. सतरंजीच्या विणीतून उजेडाचे ठिपके येत होते. शकुबाईंचा भाजलेला हात मी माझ्या दोन्ही हातांत धरला होता.  आचलचा आवाज येत नव्हता. मी मनात तिच्या प्रत्येक अवयवावरून हात फिरवत होते, कानाची पाळी, हनुवटीवरची खळी, पोटरीवरची वळी, जणू असं केलं की ते सगळं जागच्या जागी राहील. वरचा आवाज आधी होता तसाच होता. मग तसाच आहे की कमी झाला, असा प्रश्न पडला. मग नक्की कमी झाला.

"ताई." दोरीच्या बाजूने प्रणितचा आवाज, कुजबुजल्यासारखा. "माशा बसून राह्यल्या. अजून थोडं थांबा. मग बसल्या बसल्याच सरका, माह्या आवाजाकडे."

"पोरगी?" मी विचारलं.

"का म्हनता?"

"पोरगी कशी हाय!"

"झोपली ना ताई, कवाचीच. त्या मॅडमनं गाणं म्हटलं अन् रडता रडता झोपली. ओठ पाह्यले. काई नाई."

शकुबाईंच्या तोंडून एक आवाज निघाला. हुंदका म्हणावा तर तसा नव्हता.

आम्ही सतरंजीसकट सरकत सरकत बाहेर आलो. पोचूभाऊ ओली पोती घेऊन उभा होता. संघप्रिया आतल्या खोलीत भिंतीला टेकून बसली होती, पाय पसरून, मांडीवर आचल. हलायची भीती वाटल्यामुळे तिचा पाय बधिर झाला होता. "दर श्वास बघितला," ती म्हणाली आणि रडायला लागली. मी आधी माझ्या अंगावरची, केसांतली प्रत्येक माशी झटकली, लुगडं झाडलं, मगच लेकराला हात लावला. ती गरम होती, घामेजली होती, झोपेत ओठ चोखत होती.

प्रणित गाडीने आम्हाला गोंडपिपरीच्या दवाखान्यात घेऊन निघाला. शकुबाई माझ्याशेजारी बसल्या होत्या. चेहरा ओळखू येईना इतका सुजला होता, एक डोळा पूर्ण मिटलेला, ओठ वाकडा. तळव्याला ओलं फडकं बांधलं होतं. रस्त्यावरच्या खड्ड्याने आचल जागी झाली, डोळे चोळत आजीकडे पाहिलं आणि किंचाळून माझ्या छातीत तोंड लपवलं.

शकुबाईंनी मान खिडकीकडे फिरवली. 

"मले भेते आता," त्या म्हणाल्या. मग अगदी हळू, "रंजीता, घेईन का वो माय परत?"

"घेतलं तर तुमच्या नावावर. तुमीच सांगतलं ना तिले?"

"सांगतलं. पन ऐकलं असन का?"

"गाल लावून सांगतलं, आई. एवढ्या जवळून तं बहिऱ्यालेबी ऐकू येते."

पुढे प्रणित हसला. शकुबाईंच्या वाकड्या ओठाची एक कड हलली. मी आचलला पोटापासून सोडवलं आणि रडतीच तिला त्यांच्या मांडीवर ठेवलं. ती तडफडली, मला हात पसरले. मी हात पुढे केले नाहीत. फार कठीण गेलं.

"का वो माह्या चिमने," शकुबाई म्हणाल्या, जाड झालेल्या जिभेने, नेहमीसारखंच हेल काढून. "का झालं माह्या बाईले? कोन मारलं माह्या बाईले?"

आचल रडता रडता थांबली. आवाज कुठून येतो ते तिने शोधलं. या अनोळखी चेहऱ्याकडे टक लावून पाहिलं, मग ओल्या बोटाने सुजलेली पापणी दाबून बघितली, एकदा, आणि पुन्हा जोरात.

शकुबाईंनी दात आवळले. तोंड मात्र हलवलं नाही.